बँडच्या लाइव्ह शोमागची मंडळी: कोण काय बघतं आणि घोळ कुठे होतो

पॅचवाला
बँडवर धागे निघतात ते गाण्यांचे, फार तर गिटारांचे. हा काळ्या कपड्यांतल्या मंडळींचा: एफओएच (प्रेक्षकांचा आवाज मिक्स करणारा), मॉनिटर (स्टेजवरच्यांना ऐकू येणारा आवाज सांभाळणारा), सिस्टिम टेक (स्पीकर यंत्रणा बसवणारा), पॅच (केबल जोडणारा), बॅकलाइन (वाद्यं आणि अँप सांभाळणारा), लाइट, रिगिंग (सामान वर टांगणं), वीज. माझं म्हणणं आधीच मांडतो, म्हणजे भांडायला बरं पडेल. कुणाला आपलं काम येत नाही म्हणून शो क्वचितच बिघडतो. बिघडतो तो दोन कामांच्या सांध्यावर, जिथे दोघांनाही वाटतं की हे समोरचा बघणार आहे. म्हणून इथे लिहिताना आपल्या कामाचा दुसऱ्याशी जिथे संबंध येतो तेवढंच लिहा. पदांची यादी नको.

सुरुवात माझ्या कागदापासून, म्हणजे इनपुट लिस्टपासून. प्रत्येक ओळीत चॅनेल नंबर, वाद्य, माइक की डीआय (वाद्य थेट मिक्सरला जोडायची डबी), स्टँड छोटा की उंच, फँटम (माइकला केबलमधूनच दिलेली वीज) हवं की नको आणि कुठल्या सब-बॉक्सचं (स्टेजवरच्या छोट्या सॉकेट-पेटीचं) कितवं सॉकेट. साधा पाच जणांचा बँड घ्या. किक २, स्नेअर २, हाय-हॅट १, टॉम ३, ओव्हरहेड २ झाले १०. बेस डीआय आणि माइक मिळून १२. गिटार अँप ३, म्हणजे १५. दोन स्टिरिओ कीबोर्ड, १९. ट्रॅक्स (आधी रेकॉर्ड केलेले आवाज) ४ आणि क्लिक (वादकांच्या कानातला तालाचा ठोका) १, २४. गळे ३ आणि एक स्पेअर माइक, २८. प्रेक्षकांच्या आवाजाचे २, टॉकबॅक (क्रूने आपसांत बोलायचे माइक) २. संपले ३२. १६ चॅनेलच्या मिक्सरवर भागवू म्हणणाऱ्याला हा हिशेब दाखवायचा, वाद घालायचा नाही.

यादीतला नंबर, केबलवरची चिठ्ठी, स्टेजबॉक्सचं (स्टेजवरच्या सगळ्या केबल येतात त्या पेटीचं) सॉकेट आणि कन्सोलची (मिक्सरची) पट्टी, चारही ठिकाणी तोच आकडा असला पाहिजे. सॉफ्ट पॅचमध्ये (कन्सोलच्या सॉफ्टवेअरमधल्या जोडणीत) फिरवाफिरव करता येते म्हणून स्टेजवर कुठेही खुपसलं, तर चालू शोमध्ये मेलेली लाइन शोधायला दुप्पट वेळ जातो.

कानसेन_मॉनिटर
धागा छान. सांध्याचंच बोलायचं तर सगळ्यात मोठा सांधा आमचा आणि एफओएचचा: गेन, म्हणजे माइकचा सिग्नल आत येतानाच किती वाढवायचा ते.

दोन कन्सोल एकाच डिजिटल स्टेजबॉक्सचे प्रीअँप (हा गेन देणारे भाग) वापरत असतील, तर गेनचा मालक एकच ठरवायचा. गाण्याच्या मध्यात एफओएचने गेन ६ डीबी खाली घेतला, तर गायकाच्या कानातला त्याचाच आवाज तेवढा पडतो. तो जास्त जोर लावून गातो, मग एफओएचला सिग्नल पुन्हा गरम वाटतो. असं चक्र चालू राहतं. उपाय दोनच: लाइन चेकमध्ये (शोआधी एकेक लाइन तपासताना) गेन ठरवून हात काढून घ्यायचा आणि पुढे दोघांनी आपापल्या डिजिटल ट्रिमवर (आपल्याच कन्सोलपुरत्या वाढ-घटीवर) काम करायचं, किंवा गेन कॉम्पेन्सेशन (एकाने गेन बदलला की दुसरीकडे तेवढंच उलटं भरून काढणारी सोय) चालू ठेवायचं. माझ्या मते मालकी मॉनिटरकडे असावी. कानात अचानक आलेला बदल हॉलमधल्या बदलापेक्षा जास्त त्रास देतो.

ट्रान्सफॉर्मरवाला अॅनालॉग स्प्लिट (एक माइक दोन कन्सोलना वाटणारी पेटी) असेल, तर ४८ व्होल्टचं फँटम फक्त डायरेक्ट बाजूने माइकपर्यंत पोचतं, आयसोलेटेड बाजूने नाही. डायरेक्ट बाजू कुणाकडे, हे कागदावर लिहा. ‘कंडेन्सर मेलाय’ (म्हणजे फँटमवर चालणारा माइक बंद पडलाय) या तक्रारीतले अर्धे माइक ठणठणीत असतात.

शून्य_डीबी
मालकी मॉनिटरकडे? एफओएचकडून हरकत नोंदवून ठेवतो :) पण मुद्दा बरोबर आहे, कुणाकडेही असो, एकाकडेच असावी.

त्यात क्लॉक जोडा, म्हणजे डिजिटल यंत्रांना एका ठेक्यात ठेवणारं घड्याळ. डिजिटल साखळीत एकच यंत्र मास्टर असतं, बाकी सगळे त्याच्यामागे. दोन कन्सोल इंटर्नल क्लॉकवर राहिले तर आवाज येतो, पण मधूनमधून बारीक ‘टिक, टिक’ ऐकू येतं आणि लोक केबल बदलत बसतात. सॅम्पल रेट (सेकंदाला घेतलेले आवाजाचे नमुने) एकाचा ४८ किलोहर्ट्झ आणि दुसऱ्याचा ९६ असेल, तरी मधल्या कार्डाला ते चालतं का, हे आधी बघा.

नेटवर्क केबल इथर्नेटवर चालणाऱ्या ऑडिओला एका टप्प्यात १०० मीटरपर्यंत. ड्रमवर गुंडाळलेली केबल धरून मोजायची, जमिनीवर दिसणारं अंतर नाही. त्यापुढे फायबर. मुख्य आणि राखीव अशा दोन केबल ओढल्या, तर वाटा वेगळ्या असाव्यात. दोन्ही एकाच रॅम्पखालून नेल्या आणि त्यावरून फोर्कलिफ्ट गेली, तर राखीवला अर्थ उरत नाही.

नवखा_रोडी
प्रश्न: पॅच झाल्यावर लाइन चेक नेमका कुठल्या क्रमाने करायचा? आणि डीआय अॅक्टिव्ह की पॅसिव्ह?

पॅचवाला
आधी टॉकबॅक. ते चालत नसेल तर पुढचं सगळं ओरडून करावं लागतं. मग १ पासून चढत्या क्रमाने, एक जण स्टेजवर, एक कन्सोलवर. माइक बोटाने हलकेच खरवडायचा. फुंकायचं नाही आणि थोपटायचं नाही. प्रत्येक लाइन हेडफोनवर ऐकायची, कारण मीटर हलतोय याचा अर्थ ‘योग्य माइक योग्य जागी’ असा होत नाही. टॉम १ आणि टॉम २ ची अदलाबदल मीटरवर कधीच दिसत नाही. म्यूट केल्याशिवाय काही उपटायचं नाही. फँटम चालू असलेली लाइन तर नाहीच, तो ‘धडाम’ आवाज स्पीकरपर्यंत जातो.

डीआय: पॅसिव्ह पिकअपचा बेस, अकूस्टिक गिटारचा पिएझो यांना अॅक्टिव्ह, म्हणजे विजेवर चालणारा, कारण त्यांना जास्त इनपुट इम्पीडन्स (पुढच्या यंत्राचा विद्युतविरोध) लागतो. कीबोर्ड, लॅपटॉप, इंटरफेस यांना ट्रान्सफॉर्मरवाला पॅसिव्ह. इंटरफेसचे (लॅपटॉपचा आवाज बाहेर काढणाऱ्या डबीचे) एक्सएलआर (तीन पिनांचे) आउट थेट लावले असतील तर त्या चॅनेलवर फँटम बंद आहे ना, दोनदा बघ.

आणि स्नेअरला वर-खाली दोन माइक असतील तर खालच्याची पोलॅरिटी (सिग्नलची अधिक-उणे दिशा) उलटी कर. कातडं काठीने खाली जातं तेव्हा वरच्या माइकपासून लांब जातं आणि खालच्याच्या जवळ येतं, म्हणून दोघांचे सिग्नल उलटे येतात आणि एकत्र केल्यावर स्नेअरचा जीव जातो.

तिसरा_फेज
विजेवर अजून कुणीच लिहिलं नाही. म्हणजे नेहमीप्रमाणेच.

२३०/४०० व्होल्टची तीन फेज, पाच तारांची लाइन आहे असं धरू. एकेक तार सुटी जोडायची असेल तर क्रम अर्थ, न्यूट्रल, मग फेज. काढताना बरोब्बर उलटा. तारांचे रंग देशादेशांत आणि जुन्या-नव्या जोडणीत वेगळे असतात, म्हणून रंगावर नाही, मीटरवर विश्वास. मेन चालू करून, पण एकही यंत्र चालू करण्याआधी मोजायचं: प्रत्येक फेज ते न्यूट्रल २३० च्या आसपास, फेज ते फेज ४०० च्या आसपास, न्यूट्रल ते अर्थ जेमतेम एक-दोन व्होल्ट. हे तिन्ही आकडे कागदावर लिहून खाली सही. आमच्याकडचा हा एवढा कागद बाकीच्यांनी मागून घ्यावा.

एवढा आग्रह न्यूट्रलसाठी. फेज गेला तर एक भाग बंद पडतो, कळतं. न्यूट्रल सैल झाला तर काहीच बंद पडत नाही, उलट दोन फेजमधले ४०० व्होल्ट दोन्हीकडच्या भारांत वाटले जातात. ज्या फेजवर भार कमी, त्याला व्होल्टेज जास्त. आणि भार कमी कुणाचा? साउंडचा, कन्सोलचा. लाइट मजेत जळत राहतात आणि कन्सोलचा पॉवर सप्लाय धूर सोडतो.

दुसरं, न्यूट्रल बारीक घेऊन ‘तिन्ही फेज सारखे वाटले की न्यूट्रलला काही नसतं’ हा हिशेब एलईडी आणि डिमरला लागू नाही. त्यांच्या करंटमधला तिसरा हार्मोनिक (मूळ लहरीच्या तिप्पट फ्रिक्वेन्सीचा भाग) तिन्ही फेजचा एकाच वेळी येतो. न्यूट्रलमध्ये तो कटत नाही, बेरीज होते. भार चढवल्यावर क्लॅम्प मीटर (तारेभोवती लावून करंट मोजणारा) न्यूट्रललाही लावा.

तिसरं, ३० मिलिअँपिअरचा आरसीडी (विजेची गळती झाली की लाइन तोडणारा स्विच) अर्ध्या आकड्यापासून, म्हणजे १५ पासूनच उडू शकतो. प्रत्येक एलईडी दिव्याचा सप्लाय थोडी गळती सोडतोच. एकाच आरसीडीवर दोन डझन दिवे लावून ‘विनाकारण उडतो’ म्हणू नका. दिवे वाटून लावा. आरसीडीला बगल देणं हा उपाय नाही.

केबल ड्रमवर भार असेल तर केबल पूर्ण उलगडा. गुंडाळलेली केबल स्वतःची उष्णता बाहेर टाकू शकत नाही, आतले वेढे वितळतात.

नवखा_रोडी
गिटार अँपला घरघर येत असेल तर प्लगची अर्थ पिन काढली की जाते, असं सांगतात. ते?

तिसरा_फेज
नाही. घरघर जाते आणि गायकाचे ओठ माइकला, बोटं तारांना लागली की सर्किट त्याच्या अंगातून पूर्ण व्हायची सोय होते. मेनची अर्थ कधीही तोडायची नाही. यावर मतभेदाला जागा नाही.

घरघर अर्थ लूपची (अर्थ दोन वाटांनी जोडली गेल्याची) असेल तर सिग्नलच्या बाजूने तोडायची: डीआयवरचा ग्राउंड लिफ्ट किंवा आयसोलेशन ट्रान्सफॉर्मर. त्याआधी सगळ्या बॅकलाइनला आणि स्टेजवरच्या साउंडला वीज एकाच डिस्ट्रिब्युशनमधून आहे ना, हे बघ. लाइटच्या बोर्डातून उसना घेतलेला एक प्लग हे बहुतेक वेळा मूळ असतं.

पॅचवाला
+१. तो उसना प्लग म्हणजेच मी म्हणत होतो तो सांधा.

दोरखंड
रिगर सगळ्यांच्या आधी येतो आणि सगळ्यांच्या नंतर जातो, म्हणून उशिरा लिहितोय.

आम्हाला वजनं लागतात, अंदाज नाही. लोक स्पीकरचं आणि दिव्यांचं वजन पाठवतात. ट्रसचं (दिवे-स्पीकर टांगायच्या धातूच्या चौकटीचं) स्वतःचं, ती उचलणाऱ्या मोटरचं, साखळीचं आणि केबलचं विसरतात. जाड मल्टिकेबलचा जुडगा एका टोकावरून खाली सोडला तर त्या एका पॉइंटवर भर पडते.

ब्रायडलचं (एक भार दोन तिरक्या दोरांवर टांगण्याचं) गणित एकदा डोक्यात बसवा. ५०० किलो भार दोन दोरांवर. दोर सरळ उभे असतील तर प्रत्येकाला २५०. दोघांमधला कोन ९० अंश झाला की प्रत्येकाला सुमारे ३५४. १२० अंशांवर प्रत्येकी पूर्ण ५००. छत बुटकं आहे म्हणून दोर पसरवले की हेच होतं, आणि वजन तर वाढलेलं नसतं, म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही.

मोटर जोडल्यावर आधी अर्धा सेकंद ‘वर’ दाबून बघायचं. तीन फेजपैकी दोन अदलाबदल झाले असतील तर ‘वर’ दाबल्यावर खाली जाते. नुसतं बटण उलटं समजून चालवायचं नाही. त्या स्थितीत लिमिट स्विच चुकीच्या दिशेला तोडतो, म्हणजे टोकाला गेल्यावर मोटर थांबत नाही. फेज दुरुस्त करा, मग उचला. ट्रस हलत असताना खाली कुणीही नको, ‘एवढंच एक स्टँड ठेवतो’ म्हणणारासुद्धा नको.

उघड्यावर असेल तर वाऱ्याचा मापक सर्वांत उंच जागी. किती वेगाला पडदे उतरवायचे, कितीला ट्रस खाली घ्यायचे, कितीला शो थांबवायचा, हे आकडे त्या छताच्या इंजिनिअरच्या कागदात असतात. आणि थांबवायचा निर्णय कुणाचा, हे गेट उघडण्याआधी ठरलेलं हवं. वारा सुटल्यावर मीटिंग होत नसते.

शून्य_डीबी
सिस्टिम ट्यूनिंगबद्दल. आवाजाचा वेग तापमानावर हलतो, साधारण ३३१.३ अधिक ०.६०६ गुणिले अंश सेल्सिअस, मीटर प्रतिसेकंद. डिले टॉवर (मागच्या प्रेक्षकांसाठीचे स्पीकर, ज्यांना आवाज मुद्दाम उशिरा दिला जातो) ६० मीटरवर असेल तर ३५ अंशांच्या दुपारी १७०.२ मिलिसेकंद लागतात, रात्री २० अंशांना १७४.७. म्हणजे साउंडचेकला बसवलेला डिले शोला साडेचार मिलिसेकंदांनी चुकतो. त्यावर १०-एक मिलिसेकंद मुद्दाम जास्त ठेवले, तर कान मुख्य स्टेजकडेच राहतो आणि ही चूक पोटात जाते.

हवेतली आर्द्रताही धरा. कोरडी हवा वरच्या फ्रिक्वेन्सी जास्त खाते. दुपारी कोरड्यात उजळ केलेली सिस्टिम रात्री दमट हवेत टोचायला लागते. हॉलमध्ये वेगळं: रिकाम्या खुर्च्यांवर बसवलेला आवाज माणसं भरली की आपोआप मऊ होतो. म्हणून साउंडचेकला दुरुस्ती घाईने पूर्ण करू नये, पहिली दोन गाणी त्यासाठीच असतात.

सब (बासचे मोठे स्पीकर) डावी-उजवीकडे दोन ढिगांत ठेवले की मधोमध बासची भिंत उभी राहते आणि बाजूला खड्डे पडतात. जागा असेल तर सब स्टेजसमोर एका ओळीत पसरावे. स्टेजवर बास घुसत असेल तर तीनच्या ढिगात एक मागे तोंड करून, पोलॅरिटी उलटी आणि उत्पादकाने दिलेला डिले. डिले न भरता नुसता सब फिरवला तर पुढचंही पोकळ होतं.

किती मोठा? जागतिक आरोग्य संघटनेचं २०२२ चं मानक: सरासरी जास्तीत जास्त १०० डीबी, ए-वेटेड (कानाच्या संवेदनेप्रमाणे मोजलेली), १५ मिनिटांची. स्थानिक नियम त्याहून कडक असेल तर तो.

कानसेन_मॉनिटर
वायरलेसवर थोडं, कारण हा पॉकेटपॅक (कमरेला लावायची वायरलेस डबी), अँटेना आणि नशीब असा खेळ समजला जातो आणि तसा तो नाही.

दोन ट्रान्समीटर एकत्र चालले की त्यांची पिल्लं होतात, म्हणजे नको असलेल्या नव्या फ्रिक्वेन्सी तयार होतात. सगळ्यात त्रासदायक पिल्लू म्हणजे पहिल्याच्या दुप्पट वजा दुसरा. ६०६.०, ६०६.४ आणि ६०६.८ मेगाहर्ट्झ असे समान अंतराने तीन माइक लावले, तर ६०६.४ ची दुप्पट वजा ६०६.० बरोबर ६०६.८. पिल्लू तिसऱ्या माइकच्या डोक्यावरच बसलं. म्हणून अंतरं असमान हवीत, आणि ते काम कोऑर्डिनेशनच्या सॉफ्टवेअरचं, मनाने आकडे टाकण्याचं नाही. कुठला पट्टा वापरायला परवानगी आहे ते त्या-त्या देशाचं.

स्कॅन कधी करायचा? एलईडी वॉल चालू झाल्यावर. वॉल बंद असताना केलेला स्कॅन स्वच्छ दिसतो आणि व्हिडिओवाल्यांनी स्विच टाकला की खालचा गोंगाट वर येतो. मग सगळे ट्रान्समीटर एकदम चालू करून एकेक पॅक घेऊन स्टेजभर चालायचं. माइकच्या रिसिव्हिंग अँटेना आणि इन-इअरच्या (कानात घालायच्या मॉनिटरच्या) ट्रान्समिटिंग अँटेना शेजारी-शेजारी नकोत. दोन्ही माणसांच्या डोक्यांच्या वर, कारण माणूस म्हणजे पाण्याची पिशवी.

वेज (गायकासमोर जमिनीवर ठेवायचा स्पीकर) वापरत असाल तर जागा माइकप्रमाणे. एसएम५८ हा गायकाचा माइक कार्डिऑइड आहे, त्याला सगळ्यात कमी ऐकू येतं ते बरोबर मागून, म्हणून वेज समोर मध्यभागी. बीटा ५८ सुपरकार्डिऑइड, त्याची बहिरी जागा मागच्या दोन्ही बाजूंना, साधारण १२० ते १२६ अंशांवर, म्हणून दोन वेज तिरके. बीटाला मध्यभागी वेज दिला की शिट्टी ठरलेली. गायकाने जाळी मुठीत धरली तर दोन्हींचा पॅटर्न बिघडतो, त्याला ईक्यूत (स्वरपट्टे कमी-जास्त करण्यात) औषध नाही.

निळा_जेल
लाइटकडून. डीएमएक्सच्या (दिव्यांना हुकूम पाठवणाऱ्या सिग्नलच्या) एका युनिव्हर्समध्ये ५१२ चॅनेल. ३२ चॅनेलचे मूव्हिंग हेड (फिरणारे दिवे) असतील तर गणिताने १६ बसतात. एका साखळीत ३२ पेक्षा जास्त दिवे नकोत, मध्ये स्प्लिटर घाला. शेवटच्या दिव्यावर १२० ओमचा टर्मिनेटर. तो नसला तर सिग्नल टोकावरून परत फिरतो आणि साखळीतले दिवे उगाच थरथरतात. लोक दिवा बदलतात, मग पत्ता बदलतात, तरी थरथर तिथेच.

माइकची केबल डीएमएक्सला चालते, असं कुणी म्हणेल. चालते, तोपर्यंत चालते. तिचा इम्पीडन्स वेगळा असतो, लांबी वाढली की लागतं.

हेझ मशीन (विरळ धूर करणारं) सुरू करण्याआधी हॉलच्या माणसाकडून धुराच्या डिटेक्टरचा हॉलपुरता भाग लेखी बंद करून घ्यायचा आणि शोनंतर तो पुन्हा चालू झाला याचीही खात्री करायची. दुसरी गोष्ट विसरली जाते.

घड्याळजी
आणि ट्रॅक्स? हल्ली बऱ्याच शोचा कणा तोच आहे.

दोन लॅपटॉप, तीच फाइल, एकत्र सुरू. एका चॅनेलवर सतत एक टोन. तो थांबला की स्विचर दुसऱ्यावर उडी मारतो. टोन सेशनमधूनच (ट्रॅक्सच्या त्याच फाइलमधून) वाजला पाहिजे. वेगळ्या अॅपमधून वाजत असेल तर सेशन अडकलं तरी टोन चालू राहतो आणि स्विचर शांत बसतो. वाय-फाय, अपडेट, स्क्रीनसेव्हर, नोटिफिकेशन बंद.

टाइमकोड (लाइट-व्हिडिओला गाण्यातली वेळ सांगणारा सिग्नल, तास:मिनिट:सेकंद:फ्रेम): प्रत्येक गाण्याला वेगळा तास. पहिलं ०१:००:००:०० ला, दुसरं ०२:००:००:०० ला. मग गाण्यांचा क्रम बदलला तरी लाइटचे क्यू (ठरलेल्या क्षणीचे बदल) हलत नाहीत. फ्रेम रेट लाइट, व्हिडिओ आणि ट्रॅक्स तिघांचा एकच. क्यू ३० वर लिहिले आणि टाइमकोड २९.९७ नॉन-ड्रॉपचा (फ्रेमचे आकडे न गाळणारा) आला, तर तासाला ३.६ सेकंदांचा फरक पडतो, पाच मिनिटांच्या गाण्याला ०.३ सेकंद. ऐकायला काही नाही, पण शेवटच्या ठोक्यावरचा ब्लॅकआउट स्पष्ट उशिरा दिसतो. त्या लाइनवर ईक्यू, कॉम्प्रेसर काहीही नको, आणि ती मास्टरला असाइन झालेली नाही हे बघा. तो कर्कश आवाज एकदा पीएतून (प्रेक्षकांच्या स्पीकरमधून) बाहेर आला की सगळ्यांना कळतं टाइमकोड म्हणजे काय.

ताणलेली_तार
बॅकलाइनवाले राहिले. थोडक्यात:

नव्या तारा घातल्यावर ओढून-ओढून ताणायच्या, ट्यून करायच्या, पुन्हा ताणायच्या, सूर उतरायचा थांबेपर्यंत. गिटारं केसमधून काढून स्टेजजवळच्या हवेत किमान अर्धा-एक तास आधी ठेवायची. थंड केसमधून गरम दिव्यांत गेलेली गिटार पहिल्या गाण्यातच उतरते. सगळ्या ट्यूनरचा संदर्भ ४४० हर्ट्झ आहे की ४४२, ते कीबोर्डशी जुळवायचं. एकाच ट्यूनरचं बटण चुकून दाबलं गेलं की सगळे एकमेकांकडे बघत बसतात.

ड्रमच्या गालिच्यावर प्रत्येक पायाची खूण टेपने, मग माइकच्या स्टँडच्याही. स्पेअर स्नेअर बसवून, सुरात, हाताशी. किकचं कातडं फाटलं तर बदलायला वेळ लागतो, म्हणून कातड्यावर मजबुतीचा पॅच आधीच चिकटवायचा आणि दुसरं पेडल जवळ.

पेडलबोर्डला ९ व्होल्ट देताना टोकांची ध्रुवता बघा, आणि मिलिअँपिअरची बेरीज सप्लायपेक्षा कमी. डिजिटल पेडल अॅनालॉगच्या कैक पट ओढतं.

नवखा_रोडी
चालू शोमध्ये लाइन मेली तर आधी काय बदलायचं?

पॅचवाला
ज्या टोकाला हात सगळ्यात लवकर पोचतो ते. गायकाचा असेल तर स्पेअर माइक, तो आधीच वेगळ्या केबलवर, वेगळ्या चॅनेलवर, तयार मिक्ससकट आहे, म्हणून तर यादीत २८ वी ओळ होती. वाद्याचा असेल तर मॉनिटरवाल्याने म्यूट केलं असं कॉमवर (क्रूच्या हेडसेटवर) ऐकल्यावरच हात लावायचा: वाद्याची लीड, मग डीआय, मग एक्सएलआर, मग सब-बॉक्सचं दुसरं सॉकेट. एका वेळी एकच गोष्ट. काढलेली केबल परत पेटीत नाही, तिला गाठ मारून बाजूला.

कॉमवर ‘गो’ हा शब्द फक्त क्यूसाठी राखलेला असतो. ‘मी गो करतो’ म्हणून जेवायला जाऊ नकोस, कुणीतरी दिवे घालवेल.

दोरखंड
आणि शो संपल्यावर गॅफर टेप केबलवरून त्याच रात्री काढा. उद्या काढू म्हटलं की गोंद केबलवर राहतो.